पीसी गेम उतरवताना घोडं कुठं अडतं: सोलापूरकरांचे नेहमीचे प्रश्न

जुळे सोलापुरात घरीच कॉम्प्युटर दुरुस्ती करतो. संध्याकाळी सहानंतर कॉलेजची पोरं येतात आणि दहातल्या सात जणांची तक्रार एकच असते, "दादा, गेम उतरवला पण चालेना." त्यातले निम्मे येण्याआधीच गेम डिलीट करून पुन्हा डाउनलोडला लावून आलेले असतात. ६० जीबी डेटा गेला, रात्र गेली आणि चूक होती तिथंच राहिली. त्यामुळे उत्तरं एकदाची लिहून काढली. यातलं बहुतेक सगळं गेम न काढता करता येतं. डिलीट करणं हा शेवटचा उपाय, पहिला नव्हे.

गेम घ्यायचा कुठून? स्टीम, एपिक, एक्सबॉक्स, जीओजी, इतके ॲप कशाला?

ज्या दुकानातून गेम घेतला, त्याच दुकानाच्या ॲपमधून तो चालतो. एपिकवर घेतलेला गेम स्टीममध्ये दिसणार नाही. स्टीम सगळ्यांत जुनं, २००३ पासूनचं. भारतात रुपयांत किमती २०१५ पासून दिसतात. एपिकचं स्टोअर २०१८ च्या डिसेंबरात आलं, ते फुकट गेमसाठी प्रसिद्ध आहे. एक्सबॉक्स ॲप मायक्रोसॉफ्टचं, महिन्याची वर्गणी भरून बरेच गेम खेळायचे असतील तर. जीओजीचं वेगळेपण असं की तिथं इन्स्टॉलरची फाइलच हातात मिळते, ती हार्डडिस्कवर ठेवून द्या, पुढं इंटरनेट नसलं तरी चालतं. ज्यांच्याकडं नेट बेभरवशाचं आहे त्यांना मी जुन्या गेमसाठी जीओजीच सुचवतो.

माझ्या लॅपटॉपवर अमुक गेम चालेल का?

गेमच्या पानावर खाली 'मिनिमम' आणि 'रेकमेंडेड' असे दोन रकाने असतात. मिनिममचा अर्थ "सुरू होईल" एवढाच, "मजा येईल" असा नव्हे. आपलं मशीन बघायला विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबा, डीएक्सडायग (dxdiag) असं इंग्रजीत टाइप करा. प्रोसेसर, रॅम, ग्राफिक्स सगळं समोर येतं. 'एसएसडी रिक्वायर्ड' (म्हणजे न फिरणारी, वेगवान डिस्क हवीच) लिहिलं असेल तर ते शोभेला नसतं. जुन्या फिरत्या हार्डडिस्कवर तो गेम भिंती उशिरा आणि माणसं आधी दाखवतो.

आणि घेण्याआधीच शंका असेल तर स्टीमचा परताव्याचा नियम लक्षात ठेवा: खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि २ तासांपेक्षा कमी खेळला असाल तर पैसे परत मागता येतात. एपिकचाही नियम साधारण तसाच. जीओजी ३० दिवस देतं. पहिल्या अर्ध्या तासात सेटिंग तपासा, गोष्ट नंतर बघा.

गेम ५० जीबीचा, रिकामी जागा ६० जीबी, तरी जागा नाही म्हणतंय. का?

काही गेम दाबून भरलेल्या गाठोड्यासारखे येतात आणि डिस्कवर सोडावे लागतात. सोडताना गाठोडं आणि आतला माल दोन्हींना एकदम जागा लागते. अपडेटचं तर याहून वाईट. अपडेट २ जीबीचं असतं, पण गेमची एकेक फाइल ३०-४० जीबीची असली तर तिच्यात बदल करताना नवी प्रत तयार होते आणि मग जुनी जाते. तेवढा वेळ दोन्ही राहतात.

त्यात डिस्कवर छापलेला आकडा आणि विंडोजमध्ये दिसणारा आकडा सारखा नसतो. ५१२ जीबीची एसएसडी विंडोज ४७६ दाखवतो, १ टीबीची ९३१. दुकानदारानं फसवलं नाही, मोजायची रीत वेगळी आहे. विंडोज आणि त्याचे अपडेट वगळले की ५१२ च्या डिस्कवर मोठे गेम दोन-तीनच मावतात. स्टीममध्ये स्टोरेज सेटिंगमधून गेम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवता येतो; फोल्डर हातानं कट-पेस्ट करू नका, ॲपला पत्ताच सापडत नाही.

१०० एमबीपीएसचं कनेक्शन आहे, स्टीमवर १२ दिसतं. कंपनी चोरी करते का?

नाही. कनेक्शन बिटमध्ये मोजतात, स्टीम बाइटमध्ये, आणि ८ बिटचा १ बाइट. १०० ला ८ नं भागा, साडेबारा. तुम्हाला पूर्ण वेग मिळतोय. या हिशोबानं ५० जीबीचा गेम १०० च्या लाइनवर साधारण सव्वा तास, ४० च्या लाइनवर पावणेतीन तास घेतो. ज्यांना आकडा जुळवूनच बघायचाय त्यांच्यासाठी स्टीमच्या डाउनलोड सेटिंगमध्ये बिटमध्ये दाखवायचा पर्यायही आहे.

डाउनलोड चालू आहे पण वेग मधेच शून्यावर येतो.

घाबरण्याआधी खालचा डिस्कचा आलेख बघा. नेटचा वेग शून्य आणि डिस्क धावतेय, म्हणजे उतरलेला माल सोडून मांडला जातोय. जुनी हार्डडिस्क असेल तर हे सारखं होणार. थांबा, चहा घ्या.

नेट आणि डिस्क दोन्ही शून्यावर असतील तर सेटिंगमध्ये डाउनलोड रीजन बदलून बघा. सोलापूर मुंबई आणि हैदराबादच्या मधोमध पडलंय, दोन्ही नावं यादीत आहेत. नकाशावर जवळ असलेलं जास्त वेगवान असेलच असं नाही, कारण आपल्या कंपनीची केबल कुठून फिरून येते ते तिलाच ठाऊक. दोन्ही लावून बघा. तरी हलेना तर त्याच सेटिंगमधलं 'क्लिअर डाउनलोड कॅश' (कॅश म्हणजे ॲपनं तात्पुरता जमवलेला साठा, पैसे नव्हे). याने गेम जात नाही, फक्त पुन्हा लॉगिन करावं लागतं. पासवर्ड आठवत नसेल तर आधी तो शोधा, मग बटण दाबा. याच कारणानं दोन जण माझ्याकडं रडत आलेत.

मधेच लाइट गेली. पुन्हा पहिल्यापासून?

नाही. ॲप उघडलं की जिथं थांबलं तिथून पुढं सुरू होतं. मात्र लाइट जाताना लिहिली जात असलेली फाइल अर्धवट राहू शकते, म्हणून डाउनलोड संपल्यावर एकदा तपासणी करून घ्या. स्टीममध्ये गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, तिथं 'व्हेरिफाय'. एपिकमध्ये तीन टिंबं, मॅनेज, व्हेरिफाय. एक्सबॉक्स ॲपमध्ये मॅनेज, फाइल्स, 'व्हेरिफाय अँड रिपेअर'. हे बटण खराब तेवढीच फाइल परत आणतं. ६० जीबीऐवजी कधी ६० एमबीत काम होतं. या पानावरची एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा.

यूपीएसबद्दल: साधा ६०० व्हीएचा यूपीएस म्हणजे साधारण ३६० वॅट. ग्राफिक्स कार्डवाला पीसी गेम चालू असताना तेवढं सहज खातो, वर मॉनिटर. डाउनलोड करताना तो यूपीएस पुरेल, गेमच्या ऐन धुमश्चक्रीत टूं करून बसेल.

मित्राकडं तोच गेम आहे. पेनड्राइव्हवर आणला तर चालेल?

चालेल, तुमच्या खात्यावर तो गेम विकत घेतलेला किंवा फुकट मिळालेला असेल तर. खात्यावर नसेल तर फोल्डर आणून उपयोग शून्य.

स्टीमचे गेम 'स्टीमॲप्स' नावाच्या फोल्डरमध्ये, त्याच्या आत 'कॉमन'मध्ये असतात. मित्राकडचं गेमचं फोल्डर आपल्याकडं त्याच जागी ठेवा, मग इन्स्टॉल दाबा. स्टीम म्हणतं "आधीच्या फाइली सापडल्या", तपासतं आणि उरलेलं तेवढंच उतरवतं. पेनड्राइव्ह फॅट-३२ या जुन्या पद्धतीनं फॉरमॅट केलेला असेल तर ४ जीबीपेक्षा मोठी एकही फाइल त्यावर चढणार नाही. आधी एनटीएफएस किंवा एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करा, आतला लग्नाचा अल्बम काढून घेतल्यावर.

याहून सोपं म्हणजे दोघांचे लॅपटॉप एका घरात, एका राउटरवर आणा. २०२३ पासून स्टीम स्वतःच शेजारच्या मशीनवरून गेम ओढून घेतं, इंटरनेटचा डेटा न वापरता. दोघांकडं स्टीम चालू हवं, आणि मित्राच्या डाउनलोड सेटिंगमध्ये लोकल नेटवर्कवरून फाइल देण्याची परवानगी मित्रांसाठी खुली हवी. वायफायपेक्षा लॅनची केबल लावा.

एपिकची युक्ती जरा आडवाटेची. आपल्याकडं इन्स्टॉल सुरू करायचं, एक-दोन टक्के होऊ द्यायचं, थांबवून ॲप पूर्ण बंद करायचं, मित्राचं फोल्डर त्यावर टाकायचं आणि मग डाउनलोड पुढं चालू करायचं. ते आधी तपासत बसतं. एक्सबॉक्स ॲपच्या गेमला मात्र ही कॉपी-पेस्ट लागू पडत नाही.

पैसे कापले गेले, गेम लायब्ररीत आलाच नाही.

पहिलं म्हणजे लगेच दुसऱ्यांदा पैसे भरू नका. खात्याच्या खरेदी-इतिहासात 'पेंडिंग' दिसत असेल तर थांबा. व्यवहार फसला आणि पैसे कापले गेले, तर देशातल्या व्यवहारांसाठी रिझर्व्ह बँकेचा नियम असा की बँकेनं ५ दिवसांत स्वतःहून परत करायचे, त्यापुढं उशिराच्या प्रत्येक दिवसाला १०० रुपये. स्टोअरच्या इतिहासातली नोंद आणि बँकेचा मेसेज, दोन्हींचा स्क्रीनशॉट ठेवा.

कार्ड चालतच नसेल तर बँकेच्या ॲपमध्ये 'इंटरनॅशनल' व्यवहार चालू आहे का बघा. २०२० च्या ऑक्टोबरपासून नवं कार्ड येतं तेव्हा ते देशातल्या एटीएम आणि दुकानापुरतंच चालू असतं; ऑनलाइन आणि परदेशी व्यवहार आपण चालू करायचे. वडिलांचं कार्ड असेल तर वडिलांना विचारून. ओटीपी त्यांच्याच फोनवर जातो, बे!

स्वस्त पडतं म्हणून व्हीपीएन (आपण दुसऱ्या देशात आहोत असं भासवणारं ॲप) लावून दुसऱ्या देशाच्या भावात घेणं नियमाबाहेरचं आहे, खातं अडकू शकतं. चारशे रुपयांसाठी आठ वर्षांची लायब्ररी पणाला लावू नका.

अमुक डीएलएल फाइल सापडत नाही असं येतंय. ती फाइल नेटवरून उतरवू का?

नको. एकेक डीएलएल वाटणाऱ्या साइटवरून फाइल घेऊन सिस्टिमच्या फोल्डरात टाकणं म्हणजे रस्त्यात सापडलेली गोळी खाणं. नावात 'एमएसव्हीसीपी' किंवा 'व्हीसीरनटाइम' आणि १४० असं असेल तर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल' घ्या, एक्स-६४ आणि एक्स-८६ दोन्ही टाका, मशीन रीस्टार्ट करा. 'डी-थ्री-डी-एक्स'नं सुरू होणारं नाव असेल तर जुन्या डायरेक्टएक्सच्या फाइली कमी आहेत, त्याही मायक्रोसॉफ्टकडंच मिळतात. बऱ्याचदा गेमच्या स्वतःच्या फोल्डरात हे इन्स्टॉलर आधीच ठेवलेले असतात.

प्ले दाबलं की काळा पडदा येतो आणि गेम बंद. काहीच मेसेज नाही.

सगळ्यांत जास्त येणारा प्रश्न. मी ज्या क्रमानं बघतो तो सांगतो, क्रम महत्त्वाचा.

आधी व्हेरिफाय. मग ग्राफिक्सचा ड्रायव्हर. विंडोज अपडेट देतो तो ड्रायव्हर बरेचदा जुना असतो; एनव्हिडिया, एएमडी किंवा इंटेल, ज्याचं कार्ड त्याच्याच साइटवरून घ्या.

लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स असतील तर गेम चुकून साध्या ग्राफिक्सवर उघडत असतो. विंडोजच्या सेटिंगमध्ये सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स इथं जा, गेमची फाइल निवडा आणि 'हाय परफॉर्मन्स' करा. डेस्कटॉपवाल्यांनी पीसीच्या मागं वाकून बघावं: मॉनिटरची केबल मदरबोर्डला लावलीय की ग्राफिक्स कार्डला? हसू नका. एका गिऱ्हाइकानं चाळीस हजारांचं कार्ड घेऊन चार महिने केबल मदरबोर्डला लावून खेळला, "कार्ड फालतू निघालं" म्हणत.

मग अँटिव्हायरस. विंडोज सिक्युरिटीच्या 'प्रोटेक्शन हिस्टरी'त गेमची एखादी फाइल अडकवून ठेवलेली दिसेल. अधिकृत दुकानातून घेतलेला गेम असेल तर ती सोडवा. 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' चालू असेल तर गेमला डॉक्युमेंट्समध्ये सेव्ह लिहिता येत नाही, आणि काही गेम तेवढ्यावरून बंद पडतात.

त्यानंतर वर तरंगणाऱ्या गोष्टी बंद करा, म्हणजे स्टीमचा ओव्हरले, डिस्कॉर्डचा ओव्हरले, एफपीएस दाखवणारे, रेकॉर्डिंगवाले. एवढं करूनही सुरू होत नसेल तरच गेम काढून पुन्हा टाकायचा विचार करा, आणि त्याआधी सेव्हची कॉपी घ्या.

विंडोजमध्ये माझं नाव मराठीत आहे. त्याचा काही संबंध?

आहे, आणि हा प्रश्न इंग्रजी मदतपानांवर फारसा कुणी घेत नाही. विंडोज टाकताना नाव देवनागरीत दिलं की सी ड्राइव्हवरच्या 'युजर्स'मध्ये फोल्डरही देवनागरी नावाचं तयार होतं. जुन्या गेमना, काही इन्स्टॉलरना आणि मॉडना (खेळाडूंनी गेममध्ये केलेल्या बदलांना) ती अक्षरं वाचता येत नाहीत. गेम सुरू होत नाही, किंवा चालतो पण सेव्ह होत नाही. सेटिंगमध्ये जाऊन नाव बदलल्यानं फोल्डरचं नाव बदलत नाही, हा घोळ तिथंच आहे. नवं युजर खातं इंग्रजी अक्षरांत काढा, त्यात लॉगिन करून गेम चालवून बघा. चालला तर कारण सापडलं. गेमच्या फोल्डरचं नावही इंग्रजीतच असू द्या. मराठीचा अभिमान डेस्कटॉपच्या वॉलपेपरवर दाखवावा.

थंडीत नीट चालणारा गेम मार्चनंतर अडकत अडकत चालतो.

सोलापूरचा खास प्रश्न. बाहेर ४२-४३ अंश, पत्र्याची खोली असेल तर आत त्याहून जास्त. मशीनचा पंखा खोलीतलीच हवा आत घेणार, ती आधीच तापलेली. प्रोसेसर ९५-१०० अंशांच्या आसपास गेला की स्वतःला वाचवायला वेग कमी करतो. स्क्रीनवर ते 'लॅग' म्हणून दिसतं आणि लोक नेटला शिव्या देतात. ओळखायची खूण अशी: पहिली दहा-पंधरा मिनिटं झकास, नंतर रडगाणं, थोडा वेळ बंद ठेवून उघडलं की पुन्हा झकास.

पूर्व भागातून येणाऱ्या मशीन उघडताना मी आता आधीच तोंडाला रुमाल बांधतो. घरात किंवा शेजारी यंत्रमाग असेल तर सुताची बारीक लव पंख्यात जाऊन बसते. ती धुळीसारखी झटकली जात नाही. हीटसिंकच्या, म्हणजे उष्णता बाहेर टाकणाऱ्या धातूच्या पात्यांवर तिचा थर जमतो, अगदी नमद्यासारखा. एका लॅपटॉपमधून काढलेला थर अखंड निघाला होता, पांढराशुभ्र, बोटभर लांब. अशा घरांत सहा महिन्यांनी सफाई करा, बाकीच्यांनी वर्षातून एकदा. ब्लोअर मारताना पंखा काडीनं अडवून धरा, तो भन्नाट फिरला तर बेअरिंग जातं. तीन-चार वर्षांच्या मशीनला थर्मल पेस्टही नवी लावून घ्या.

पैसे न घालता करता येण्यासारखं: गेमच्या सेटिंगमध्ये फ्रेम ६० वर बांधा. लॅपटॉपचं मागचं टोक वहीची जाडी भरून उचला. दुपारऐवजी रात्री उशिरा खेळा. आणि गादीवर चादर, चादरीवर लॅपटॉप असं नको. सोलापुरी चादर उबेसाठीच प्रसिद्ध आहे, खालची हवेची भोकं ती छान बंद करते.

एक्सबॉक्स ॲपवर नुसता शून्य-एक्सचा लांबलचक नंबर येतो.

आधी घड्याळ बघा. तारीख-वेळ चुकलेली असेल तर स्टोअर ओळखच देत नाही. जुन्या पीसीत मदरबोर्डचा बटणसेल संपला की हे रोज होतं. मग विंडोज अपडेट पूर्ण करा. विंडोज आणि आर दाबून येणाऱ्या रनमध्ये डब्ल्यूएसरीसेट (wsreset) चालवा, स्टोअरची कॅश साफ होते. तरीही अडलं तर एक्सबॉक्स ॲपच्या सपोर्टमध्ये 'गेमिंग सर्व्हिसेस रिपेअर टूल' आहे. माझ्या अनुभवात निम्म्याहून जास्त नंबर त्यानंच जातात.

टीपीएम आणि सिक्युअर बूट चालू करा म्हणतोय. करू?

या दोन्ही मशीनच्या सुरक्षेच्या सोयी. व्हॅलोरंट हा ऑनलाइन गेम विंडोज ११ वर हे दोन्ही मागतो, इतरही काही ऑनलाइन गेम आता मागायला लागलेत. सेटिंग बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी उघडणाऱ्या मदरबोर्डच्या सेटिंगमध्ये असतं. पण घाई नको. डिस्क जुन्या एमबीआर पद्धतीची असताना बायोसमध्ये बूटची पद्धत बदलली तर विंडोज उघडणारच नाही. आधी ती जीपीटी या नव्या पद्धतीत बदलावी लागते. बिटलॉकर (डिस्कला कुलूप लावणारी विंडोजची सोय) चालू असेल तर त्याची रिकव्हरी की कागदावर लिहून घ्या. हे वाचून डोक्यावरून गेलं असेल तर जाणत्या माणसाकडं न्या. हे एकच काम मी घरी करू नका म्हणतो.

विंडोज ७ वर स्टीम?

१ जानेवारी २०२४ पासून स्टीमनं विंडोज ७ चा सपोर्ट बंद केलाय.

एपिकचा फुकट गेम नेमका कधी येतो?

गुरुवारी, उन्हाळ्यात रात्री साडेआठला, हिवाळ्यात साडेनऊला. अमेरिकेत घड्याळ मागंपुढं करतात म्हणून हा एक तासाचा फरक. लगेच उतरवायची गरज नाही. मोबाइलच्या ब्राउझरवरून नुसता आपल्या खात्यात घेऊन ठेवला तरी तो कायम राहतो. पीसी घेण्याआधीच शंभर गेम जमवलेली पोरं मला माहीत आहेत.

फुकट साइटवरून क्रॅक (कुलूप तोडलेला चोरीचा गेम) घेतला तर?

माझ्याकडं आणाल तेव्हा विंडोज फॉरमॅटचे पैसे वेगळे. आणि अँटिव्हायरस बंद करायला सांगणाऱ्या इन्स्टॉलरला तुमच्या मशीनवर काय करायचं असतं, ते तुम्हीच ताडा.

मुलगा म्हणतो, त्याच्या आणि बहिणीच्या दोघांच्या लॅपटॉपवर एकच गेम चालतो. खरं आहे का?

खरं आहे, ताई. स्टीम फॅमिलीज नावाची सोय आहे, एका घरातले सहा जण त्यात बसतात आणि एकमेकांच्या लायब्ररीतले बरेच गेम वापरता येतात. पण गेमची एकच प्रत असेल तर एका वेळी एकच जण. दोघांना एकत्र खेळायचं असेल तर दोन घ्याव्या लागतील. त्यातच पालक म्हणून तुम्हाला खेळायची वेळ ठरवता येते, खरेदीची विनंती तुमच्याकडं येते. हे त्यानं सांगितलं नसणार.

कॉलेजला पुण्याला चाललोय, पीसी घरीच राहील. माझी प्रगती कशी नेऊ?

गेमच्या पानावर ढगाची खूण असेल तर सेव्ह क्लाउडवर जातो. निघायच्या आदल्या दिवशी घरच्या पीसीवर गेम बंद करून ॲप तसंच चालू ठेवा, 'अप टू डेट' दिसेपर्यंत. हुतात्मा एक्स्प्रेस पकडायच्या घाईत थेट स्विच बंद करणाऱ्यांचा सेव्ह सोलापुरातच राहतो. पुण्यात लॅपटॉपवर 'क्लाउडचा ठेवू की इथला' असं विचारलं तर तारीख वाचा आणि मग निवडा. चुकीचं दाबलं की जुना सेव्ह नव्यावर चढतो.

ढगाची खूण नसेल तर सेव्ह बहुतेक डॉक्युमेंट्समध्ये, 'सेव्ह्ड गेम्स'मध्ये किंवा युजरच्या लपलेल्या 'ॲपडेटा' फोल्डरमध्ये असतो. गेमच्या नावाचं फोल्डर शोधून पेनड्राइव्हवर घ्या, फार तर काही एमबी भरेल. शेंगाचटणीच्या डब्याशेजारी तेवढी जागा असतेच.